गिळून झाल्यावर

नऊला पाच कमी. हिलटाउनच्या चढावर
औषधाच्या दुकानाचं शटर अजून गुडघ्यापर्यंतच.
आम्ही तिघं बाहेर,
एकमेकांच्या बुटांकडे बघत.
खालून, नदीवरून, हार चढतोय.
आमच्या डंडीत धुक्याला हार म्हणतात.
पूल अर्धाच उरलाय, पलीकडचा काठ नाहीच.

नाझनीन भट्टी मापून देते,
प्लास्टिकच्या इवल्या पेल्यात हिरवं, चिकट.
साठवरून बेचाळीस मिलिलिटरवर आलोय,
दोन दोन पायऱ्या उतरत.
मग पाणी. मग ती विचारते काहीतरी, काहीही,
कारण गिळून झाल्यावर बोलून दाखवायचं असतं.
तोंड रिकामं आहे याचा पुरावा.
(गालात धरून बाहेर नेणारे असतात.
मीही नेलंय. विकलंय.)

पहिले कित्येक महिने मी म्हणायचो, थँक्यू.
नंतर हवेबद्दल.
एकदा तिनं विचारलं, काल रात्री काय जेवलात?
आणि मला आठवेचना.

परतताना मी लांबून जातो,
अकरा मिनिटं जास्त.
जवळच्या बोळात रोरी राहतो, आणि त्याचा
पहिल्या मजल्यावरचा दिवा दिवसाही जळतो.
माझं काही म्हणणं नाही. पायांचं आहे.

दुपार इतकी लांब असते हे कुणी बोललं नव्हतं.
पूर्वी दिवसाला काम होतं:
पैसे उभे कर, माणूस गाठ, थांब, थांब, थांब.
अशी नोकरी की रविवारचीसुद्धा रजा नाही.
आता दोन वाजतात आणि दोनच वाजलेले राहतात,
चहा झाला तरी न उठणाऱ्या पाहुण्यासारखे.
मी किटली घासतो. घासलेली किटली घासतो.

दवाखान्यात नर्स दंडावर टिचक्या मारते.
वसुलीवाला दारात आल्यावर घरातले गप्प होतात,
तशा माझ्या शिरा.
शेवटी पायाच्या घोट्यापाशी एक सापडते.
ती म्हणते, सॉरी.
सॉरी ती म्हणते.

जुन्या घरात एकही चमचा गोरा नव्हता.
सगळ्यांची बुडं काळी. आई जिवंत होती तेव्हा
मी येऊन गेलो की चमचे मोजायची,
आवाज न करता, पण खण कुरकुरायचा.
या घरासाठी मी धर्मादाय दुकानातून सहा घेतले,
एका पौंडाला सहा, दांड्यावर काटेफुलाचं चित्र.
रोज रात्री धुऊन, पुसून,
उताणे मांडून ठेवतो.
सहा.

रविवारी सेंगा आली, माझी बहीण,
माझ्या मुलीला घेऊन. एफी. नऊ वर्षांची.
बटाटे भाजू या, म्हणाली, चंदेरी कागदात गुंडाळून.
तो कागद माझ्या घरात नसतो.
दुकानातल्या त्या रांगेतूनही मी जात नाही.
मी म्हणालो, उकडून छान लागतात.
सेंगानं माझ्याकडे पाहिलं, आणि बटाटे सोलायला घेतले.
एफीनं दही खाल्लं. पायानं खुर्ची वाजवली.
माझ्या दातांबद्दल विचारलं, मी खरं ते सांगितलं.
साडेपाचला गेल्या.

रात्री मोजले. पाच.
ओट्यावर नाही. सिंकच्या जाळीत नाही.
कचरा वर्तमानपत्रावर उपडा केला.
खिसे उलटे केले, माझेच,
आणि मग हातावर हात ठेवून बसलो
आणि हातांना विचारलं.
अकरा वाजले होते. मी झोपेत चालत नाही.
मी बाहेर गेलेलो नाही.
मी बाहेर गेलेलो नाही.

फोन वाजला. सेंगा. एफीच्या कोटात
चमचा निघालाय तुझा, दह्यासकट,
अस्तराचं वाटोळं झालंय.
पोरीला परत नाही द्यायचा.
म्हणते, बाबाकडे अजून आहेत.

आज सोमवार. हार उतरलाय, पूल पूर्ण आहे.
चाळीस, नाझनीन म्हणते. आजपासून चाळीस.
पितो. पाणी. ती विचारते, मग, वीकेंड कसा गेला?
आणि मी सांगतो, पाच उरले, एक मुलीनं नेला,
काटेफुलाचा, माझ्या घरातून चोरीला गेला,
माझ्या घरातून,
आणि मागे रांग खोळंबलीय, कुणीतरी खाकरतंय,
पुरावा कधीच मिळालाय तिला,
आणि माझं बोलणं संपत नाही.